ओरखडे पुसू नका: जुन्या विज्ञानपटांच्या संग्राहकांना खुलं पत्र

प्रति,
जुन्या विज्ञानपटांची रिळं, कॅसेटी, व्हीसीडी आणि पुस्तिका घरात सांभाळणाऱ्या, आणि त्या ऑनलाइन संग्रहांत टाकणाऱ्या सर्व मंडळींना,

स.न.वि.वि.

आपल्याकडे पौराणिकपटांना भक्त मिळाले, संतपटांना अभ्यासक मिळाले. पुठ्ठ्याचं यान, अदृश्य होणारा नायक आणि चंदेरी कपड्यांतले परग्रहवासी यांना मात्र 'पोरांचा सिनेमा' म्हणून बाजूला ठेवलं गेलं. त्यातलं जे काही आज इंटरनेटवर बघायला मिळतं, ते बहुतांशी तुमच्या कपाटांतून आलेलं आहे. त्याबद्दल आधी मनापासून आभार. आता तक्रार.

जे अपलोड होतं ते फार वेळा 'सुधारून' आलेलं असतं. कडा कापलेल्या, ओरखडे पुसलेले, चौरसाकडे झुकणारं चित्र आडव्या पडद्यावर ताणून सगळ्यांचे चेहरे पसरट झालेले, वर 'फोर-के रिमास्टर्ड' अशी पाटी. मूळ कॅसेट कुठे आहे विचारावं तर ती रद्दीवाल्याकडे गेलेली. आमचं सांगणं एवढंच, की वस्तू हातात आहे तशी, पूर्ण आणि तिच्या ओळखीसह आधी उतरवून घ्या. ती फाइल कुणीही हात न लावता राहू द्या. सजावट करायची ती तिच्या नकलेवर करा, हवी तेवढी.

याचं सर्वांत ठसठशीत उदाहरण 'मेट्रोपोलिस'. जानेवारी १९२७ मध्ये बर्लिनला दाखवलेला हा मूकपट काही महिन्यांतच कापला गेला आणि कापलेला भाग नाहीसा झाला. २००८ मध्ये ब्यूनोस आयर्सच्या फिल्म संग्रहालयात जवळजवळ पूर्ण प्रत सापडली, ती १६ मिमीवर उतरवलेली. मूळ ३५ मिमी नायट्रेट (चटकन पेट घेणाऱ्या जुन्या जातीच्या फिल्मच्या) प्रिंटवरून ती काढताना कुणी प्रिंट पुसायचीही तसदी घेतली नव्हती, त्यामुळे वर्षानुवर्षं प्रोजेक्टरवर पडलेले सगळे ओरखडे आणि तेलाचे डाग चित्रातच छापले गेले. शिवाय कॉपी करताना चौकट नीट बसवली नाही, म्हणून चित्राची एक बाजू आणि वरची पट्टी कायमची गेली. २०१० च्या पुनरुज्जीवित आवृत्तीत ही दृश्यं आली की चित्र एकदम भुरकट होतं आणि कडेला काळी पट्टी दिसते. सुमारे २५ मिनिटांचा चित्रपट त्या कळकट नकलेमुळे परत मिळाला, आणि नक्कल करताना जे कापलं गेलं ते कुठलाही संगणक परत देऊ शकला नाही. दोन्ही गोष्टी एकाच वेळी लक्षात ठेवाव्यात अशा आहेत.

दुसरं उदाहरण टीव्हीचं, आणि आम्हाला ते जास्त आवडतं. बीबीसीने आपल्या 'डॉक्टर हू' या विज्ञानमालिकेच्या कित्येक रंगीत टेपा पुन्हा वापरण्यासाठी पुसल्या. त्यातल्या काही भागांच्या, परदेशी विक्रीसाठी काढलेल्या १६ मिमीच्या कृष्णधवल फिल्म तेवढ्या उरल्या. टीव्हीच्या पडद्यावरून चित्रण करताना रंगाचा संकेत गाळायचा राहिला, तर चित्रभर बारीक ठिपक्यांची जाळी उमटते. तंत्रज्ञांच्या लेखी हा दोषच. पण त्या ठिपक्यांतच मूळ रंगाची माहिती शिल्लक होती. २००८ च्या सुमारास ती वाचणारं सॉफ्टवेअर तयार झालं आणि १९७३ च्या एका कथेचा कृष्णधवल उरलेला भाग त्यातूनच रंगीत झाला. 'चित्र स्वच्छ करू' म्हणून कुणी नॉइज रिडक्शन (चित्रातली खरखर पुसणारी प्रक्रिया) चालवलं असतं, तर पहिले बळी हे ठिपकेच ठरले असते. याच मालिकेच्या काही भागांचा रंग अमेरिकेत कुणीतरी घरच्या रेकॉर्डरवर उतरवलेल्या टेपांवरून घेतला. घरगुती रेकॉर्डिंगला कमी लेखणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं.

विज्ञानपटात हा धोका आणखी एका कारणाने मोठा. धूळ पुसणारी स्वयंचलित प्रणाली एकाच फ्रेमवर दिसणारा पांढरा ठिपका म्हणजे कचरा असं धरून चालते. अंतराळाच्या दृश्यात पांढरे ठिपके म्हणजे तारे. कॅमेरा हलत असला की तारे सटासट गायब होतात आणि यान काळ्या शाईत तरंगायला लागतं. यानाला टांगलेली तार उभा ओरखडा समजून पुसली जाते, आणि ती तार म्हणजे ही करामत कशी केली याचा एकमेव पुरावा असू शकतो. एआयने चित्र मोठं करताना तर चेहऱ्यांवर नसलेल्या पापण्या आणि रबरी मुखवट्यांवर माणसाची त्वचा उगवते. तो गंमतीचा भाग म्हणून ठीक. पण त्याला जतन म्हणू नका.

आता कामाचं बोलू. घरोघरी सापडते ती व्हीएचएस कॅसेट, तिच्यापासून सुरुवात.

कॅसेट डेकमध्ये (व्हीसीआरमध्ये) घालण्याआधी तिच्या कण्याकडची छोटी प्लॅस्टिकची टिकली मोडून टाका. ती मोडली की चुकूनही वर रेकॉर्डिंग होत नाही. मग खिडकीतून टेपच्या कडा बघा. पांढरट, राखाडी भुकटी दिसली तर ती बुरशी. कोकणात आणि मुंबईत चार पावसाळे काढलेल्या कॅसेटींवर ती हमखास असते. अशी कॅसेट चालवायची नाही. बुरशी डेकच्या हेडवर (टेप वाचणाऱ्या टोकावर) चिकटते, तिथून पुढच्या प्रत्येक कॅसेटला लागते, आणि टेप फाटायचाही संभव असतो. सिलिका जेलच्या पुड्यांसोबत बंद डब्यात आठवडाभर ठेवून ती आधी कोरडी करा. साफसफाई पुढची पायरी, आणि तीही तोंडाला मास्क लावून, घराबाहेर.

डेकचं हेड साफ करायला ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि शॅमॉय चामड्याची काडी. कापसाचे तंतू हेडमध्ये अडकतात, म्हणून कापूस नको. काडी स्थिर धरायची आणि हेड बसवलेला ड्रम हाताने आडवा फिरवायचा. काडी वर-खाली घासली की हेडचं टोक मोडलं म्हणून समजा, आणि आज नवं हेड मिळवणं सोपं नाही. ज्या डेकवर कॅसेट रेकॉर्ड झाली तो माळ्यावर पडून असेल तर तो विकू नका. त्या डेकचं हेड थोडं वाकडं बसलेलं असेल, तर त्यावर रेकॉर्ड झालेली कॅसेट त्याच डेकवर सर्वांत चांगली चालते. दुसऱ्या उत्तम डेकवर मात्र पट्टे दिसत राहतात.

कॅप्चर करताना, म्हणजे टेप संगणकात उतरवताना, बहुतेकांचा घात स्वस्त यूएसबी डोंगल करतो. जुन्या टेपचा सिंक (चित्राचा ताल) डळमळला की तो फ्रेम गाळतो, आवाज मात्र चालू राहतो, आणि तासाभराने ओठ एकीकडे, संवाद दुसरीकडे. म्हणून डेक आणि संगणक यांच्या मध्ये टाइम बेस करेक्टर (टीबीसी, हा ताल सावरणारं यंत्र) हवा, निदान तो आतच असलेला एस-व्हीएचएस डेक हवा. पडताळा सोपा आहे. आपली टीव्हीची पद्धत पॅल, सेकंदाला २५ फ्रेम, म्हणजे घड्याळी तासाला ९०,००० फ्रेम. फाइलमध्ये ८९,९४० निघाल्या तर २.४ सेकंद गळलेत. कॅप्चर सॉफ्टवेअर गळलेल्या फ्रेमचा आकडा दाखवतं, तो शून्य नसेल तर पुन्हा उतरवा. डोंगलमध्ये उजेड आपोआप कमी-जास्त करण्याची सोय असते, ती बंद करा. नाहीतर काळ्या अवकाशातून अचानक स्फोट झाला की चित्र आधी जळतं, मग मावळतं.

मूळ फाइल ७२० बाय ५७६ मध्येच ठेवा, आणि इंटरलेस्ड, म्हणजे एकाआड एक ओळींची दोन अर्धी चित्रं मिळून एक फ्रेम. हलत्या कडांना येणारे कंगव्यासारखे दाते बघून लगेच डीइंटरलेस करायचा मोह होतो. तसं करू नका. त्या दातांत सेकंदाला अशी ५० वेगळी अर्धी चित्रं आहेत आणि उद्याचं सॉफ्टवेअर ती आजच्यापेक्षा चांगली जुळवेल. कोडेक (चित्र साठवायची पद्धत) एफएफव्ही१, डबा, म्हणजे फाइलचा प्रकार, मॅट्रोस्का (एमकेव्ही). हा लॉसलेस, म्हणजे काहीही न गमावणारा, प्रकार खुला आहे, २०२१ मध्ये त्याचं तपशीलवार तांत्रिक वर्णनही प्रसिद्ध झालं. ८-बिट असंपीडित चित्राला तासाला साधारण ७५ जीबी लागतात, यात त्याच्या निम्म्याहून कमी. दूरदर्शनवरून उतरवलेल्या मालिकेतल्या जाहिराती, 'व्यत्यय' ची पाटी, शेवटी अर्धवट सुरू झालेल्या बातम्या, काहीही कापू नका. प्रसारणाची तारीख कित्येकदा फक्त त्यावरूनच लागते.

व्हीसीडीबद्दल गैरसमज फार. नव्वदीच्या शेवटापासून पुढे कित्येक लहान चित्रपटांची घरगुती प्रत म्हणून व्हीसीडीच निघाली, त्यामुळे तिला हसू नका. ३५२ बाय २८८ चं चित्र, सेकंदाला ११५० किलोबिट. त्यापेक्षा जास्त त्यात नाहीच, तेव्हा मोठं करून काही मिळत नाही. चूक होते ती आयएसओ (तबकडीची एका फाइलीतली नक्कल) बनवताना. आयएसओ दर सेक्टरमागे (तबकडीवरच्या माहितीच्या छोट्या कप्प्यामागे) २०४८ बाइट घेतो. व्हीसीडीवर चित्र ज्या सेक्टरांत असतं त्यात २३२४ बाइट असतात. दर सेक्टरमागे २७६ बाइट सांडतात आणि फाइल चालतच नाही, मग लोक म्हणतात तबकडी खराब आहे. व्हीसीडीची कॉपी नेहमी बिन-क्यू या दोन फाइलींच्या जोडीत, २३५२ बाइटच्या कच्च्या सेक्टरांची. जास्तीची जागा मिळाली ती चूक दुरुस्त करणारे बाइट काढून टाकून, त्यामुळे व्हीसीडीवरचा ओरखडा सरळ चित्रात दिसतो. वाचनाचा वेग चौपटीवर आणा, दोन वेगवेगळ्या ड्राइव्हवर वाचा आणि दोन्ही फाइलींचे चेकसम (फाइलमध्ये एक अक्षर बदललं तरी बदलणारा ओळख-आकडा) जुळवा. चित्रपट दोन किंवा तीन तबकड्यांचा असतो. दुसरी सापडत नसेल तरी पहिली टाका, फक्त नावात तसं लिहा.

रिळं थोड्यांकडेच असतील, पण असतील तर डबा उघडून वास घ्या. शिरक्याचा (व्हिनेगरचा) वास म्हणजे ॲसिटेट, फिल्मची प्लॅस्टिकची पट्टी, कुजायला लागलं. निघणारं आम्ल स्वतःच कुजणं वाढवतं आणि शेजारच्या डब्यांनाही बाधतं, म्हणून असा डबा वेगळा करा, हवेशीर ठेवा, प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधू नका. मग आकसणं मोजा. १६ मिमीच्या नव्या फिल्मवर १०० चौकटी ७६२ मिलिमीटर भरतात. तुमच्या फिल्मवर त्या ७५४-७५५ वर आल्या असतील तर आकसणं एक टक्क्याच्या आसपास आहे. ती प्रोजेक्टरवर चढवलीत तर दातऱ्या भोकं फाडत जातील. तिला दातऱ्या नसलेला स्कॅनरच हवा. सत्तरच्या दशकातली प्रिंट पूर्ण गुलाबी दिसत असेल तर घाबरू नका आणि दुरुस्तही करू नका; निळा-हिरवा रंगद्रव्याचा थर आधी उडतो, म्हणून तसं दिसतं. स्कॅन जास्त बिटचा घ्या, रंग नंतर ओढून काढता येतो. १९५१ च्या आधीची ३५ मिमी फिल्म असेल तर ती नायट्रेट असू शकते आणि ती घरात ठेवायची वस्तूच नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट साठ्याला जानेवारी २००३ मध्ये लागलेली आग विसरण्यासारखी नाही. १९६४ मध्ये स्थापन झालेलं हे संग्रहालय २०२२ पासून एनएफडीसीचा (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा) भाग आहे. त्यांना कळवा, वस्तू देताना रीळवार यादी करून पोच घ्या.

पूर्ण स्कॅनचा खर्च आणि जागा दोन्ही मोठं. फोर-के डीपीएक्समध्ये (दर फ्रेमची वेगळी फाइल ठेवणाऱ्या प्रकारात) एक फ्रेम सुमारे ५१ एमबी, तासाला साडेचार टीबीच्या जवळ. अडीच तासांच्या चित्रपटाला ११ टीबी. तेवढं झेपत नसेल तर टू-के घ्या, तासाला टीबीच्या थोडं वर. पण घ्या तो स्कॅन पूर्ण चौकटीचा: भोकांच्या कडेपर्यंत, ध्वनिपट्टी आणि कडेच्या अक्षरांसह. फिल्म कधी बनली हे कडेवरच्या खुणा सांगतात. जॉर्ज मेलिएसच्या १९०२ च्या 'चंद्रयात्रे'ची ('अ ट्रिप टू द मून') हाताने रंगवलेली प्रत बार्सिलोनात सापडली तेव्हा ती चिकटून दगड झाली होती. वाफा देऊन ती सुटी केली, तुकड्या-तुकड्याने छायाचित्रं घेतली, आणि ती हार्डडिस्कवर काही वर्षं नुसती पडून राहिली. पुढे साधनं आली तेव्हा २०११ मध्ये कानच्या महोत्सवात तो रंगीत चित्रपट लागला. पडून राहिलेल्या त्या कच्च्या फाइलींशिवाय हे झालं नसतं.

आता एक छोटं गणित, कारण यावरून भांडणं होतात. पहिल्या रिळाच्या सुरुवातीला सेन्सॉर प्रमाणपत्र असतं, ते कधीही कापू नका. त्यावर लांबी, बहुधा मीटरमध्ये, आणि रिळांची संख्या लिहिलेली असते. ३५ मिमी फिल्म मिनिटाला २७.३६ मीटर धावते. प्रमाणपत्रावर ४,००० मीटर असतील तर चित्रपट १४६ मिनिटांचा. तुमची कॅसेट १४० मिनिटांची निघाली म्हणून 'सहा मिनिटं कापली' असं लिहू नका. २४ फ्रेमची फिल्म टीव्हीसाठी २५ फ्रेमने चालवतात, त्यामुळे ती चार टक्के लवकर संपते आणि गाणी किंचित चढ्या पट्टीत ऐकू येतात. १४६ ला २४ ने गुणून २५ ने भागा, १४० येतात. म्हणजे प्रत पूर्ण. १२८ निघाली तर मात्र खरंच काहीतरी गेलंय, आणि कुठल्या रिळात गेलंय ते शोधायला पुस्तिकेतली कथा आणि गाण्यांचा क्रम कामी येतो. म्हणून पुस्तिका ६०० डीपीआयवर, मागच्या छापखान्याच्या नावासह स्कॅन करा. मोबाइलवर काढलेला तिरका फोटो चालणार नाही.

अपलोड कुठे करायचं? व्हिडिओची बहुतेक लोकप्रिय संकेतस्थळं तुमची फाइल पिळून लहान करतात, मूळ परत देत नाहीत, आणि तक्रारी साचल्या की सगळं खातं बंद करू शकतात. ती दाखवण्याची जागा आहे. इंटरनेट आर्काइव्ह मूळ फाइल तशीच ठेवतं, शेजारी बघण्यासाठी लहान आवृत्ती बनवतं आणि प्रत्येक फाइलचे एमडी५ व एसएचए-१ हे चेकसम नोंदवतं. वस्तूचा ओळखसंकेत एकदा दिला की बदलता येत नाही, म्हणून तिथे घाईने काहीतरी टाइप करू नका: चित्रपटाचं नाव, वर्ष, भाषा, माध्यम. शीर्षक आणि वर्णन मात्र नंतर दुरुस्त करता येतं. पासवर्डची झिप टाकू नका. तुम्ही पासवर्ड विसरलात की ती मेली. ऑक्टोबर २०२४ मध्ये आर्काइव्हवर हल्ला झाला आणि ते अनेक दिवस बंद होतं, त्यामुळे एकट्या त्याच्या भरवशावरही राहू नका. एक प्रत घरच्या डिस्कवर, एक दुसऱ्या गावी राहणाऱ्या माणसाकडे, एक ऑनलाइन. दर वर्षी दिवाळीच्या साफसफाईत डिस्क लावून चेकसम तपासा.

वर्णनात काय लिहायचं, याचा नमुना देतो. 'व्हीएचएस, ई-१८०, टीव्हीवरून घरी रेकॉर्ड केलेली. लेबलवर निळ्या शाईने नाव, तारीख नाही. सुरुवातीची सुमारे दोन मिनिटं नाहीत. ४१ व्या मिनिटाला टेप चुरगळलेली. एस-व्हीएचएस डेक, एस-व्हिडिओ, टीबीसी चालू. गळलेल्या फ्रेम शून्य. कोणतीही साफसफाई केलेली नाही. मूळ कॅसेट संग्राहकाकडे आहे.' एवढ्या आठ ओळी 'दुर्मिळ!! नक्की बघा!!' पेक्षा शंभरपट उपयोगाच्या आहेत. चित्रपटाचं नाव देवनागरीत आणि रोमन लिपीत, दोन्हीत लिहा, नाहीतर निम्म्या लोकांना ते सापडणारच नाही.

उरला कायदा. भारतीय कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षारंभापासून ६० वर्षं असतो. एम. जी. रामचंद्रन यांचा १९६३ चा तमिळ अंतराळपट 'कलै अरसी' १ जानेवारी २०२४ ला चित्रपट म्हणून मुक्त झाला. चित्रपट म्हणून असं मुद्दाम म्हटलं, कारण गीत-संगीताचा हक्क वेगळा, तो गीतकार-संगीतकारांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. मुदत संपली नसेल तर सार्वजनिक करू नका, पण डिजिटल प्रत करून ठेवायचं काम त्यासाठी थांबवू नका. ज्या सार्वजनिक, बिगरव्यापारी ग्रंथालयाकडे मूळ प्रत आधीच आहे, त्याला जतनासाठी ती इलेक्ट्रॉनिक स्वरूपात साठवायला २०१२ च्या दुरुस्तीने मोकळीक दिली आहे. म्हणून गावातल्या चांगल्या वाचनालयाला मूळ वस्तूच द्या आणि उतरवायला मदत करा.

दारासिंग यांचा 'चाँद पर चढाई' १९६७ चा. कुणाकडे त्याची पुस्तिका, कॅसेट किंवा एखादं रीळ असेल, तर ते याच हिवाळ्यात, हवा कोरडी असताना उतरवून घ्या, आणि डब्यावर न पुसल्या जाणाऱ्या पेनने लिहून ठेवा: १ जानेवारी २०२८.

कळावे, लोभ असावा.

आपले,
फिल्म आणि टेप तपासण्याच्या कामातली काही मंडळी